बायाक्कानं रचलेलं आभाळ

बाईनं एखादं जग रचलं, तर तुम्ही ‘तिला सुचलं’ म्हणता, की ‘तिच्या अंगात आलं’ म्हणता? खरं सांगा. आमच्या वडगावात शिकलीसवरली माणसंसुद्धा ‘अंगात आलं’ असंच म्हणाली, म्हणून हे लिहावं लागतंय.

बायाक्का आमच्या गल्लीतली. नवरा गेल्यापासून घरातले पॉवरलूम एकटी चालवते, साड्या विणते. आवाज असा, की मिरवणुकीतला बँड थांबून मागं बघेल. ती मागाचीच देणगी. आमच्याकडं घराघरात दिवसभर खडखडाट. ‘चहा ठेव’ म्हणायलासुद्धा ओरडावं लागतं. आणि करंट गेला की सगळे माग एका दमात गप्प होतात, पण ओरडणारं तोंड काही तेवढ्या झटक्यात थांबत नाही. उरलेलं वाक्य गल्लीभर सांडतं. शेजारचा नागोजी एकदा बायकोशी बोलत असताना असाच करंट गेला, आणि सगळ्या गल्लीनं ऐकलं, “तुझ्या बापाचं नाक न्हवं ते, भोपळा हाय भोपळा!” सासरा दारातच चहा पीत बसलेला.

गल्ली हसली आणि विसरली. बायाक्का विसरली नाही. तिच्याकडं सुताच्या कांड्या भरायला येणाऱ्या रूपालीला ती म्हणाली, “असा एक मुलूख हाय बघ गं, तितं आभाळच माग हाय.”

त्या मुलखात आभाळ सारखं खडखडतं. कुणाचं कुणाला ऐकू येत नाही, म्हणून सगळे बिनधास्त खोटं बोलतात. पण मधेच कधीतरी आभाळ थांबतं. तेव्हा तोंडातून निसटेल ते ‘सांडण’. तेवढंच माणसाचं खरं, बाकीची नुसती हवा. तिथली लग्नं पत्रिका बघून नाही, सांडण जुळवून होतात. राजा तर भीतीनं कायम तोंडात सुपारी धरून बसतो. आणि सगळ्यात मोठा साधू कोण, तर बहिरा दादू! आभाळ चालू की बंद, त्याला कळतच नाही. चालू असताना ओरडतो तेच बंद झाल्यावर ओरडतो, “वाढ गं भाकरी!” आत एक बाहेर एक असं त्याच्याकडं काही नाहीच. थांबण्याला जो भीत नाही तो सुटला, असं बायाक्काचं तत्त्वज्ञान.

मग काय, करंट गेला की अख्खी गल्ली तिच्या दारात. दादूवर तर सगळ्यांचा लई जीव.

इथं घुसला नागेंद्र. फ्लेक्स छापायचं दुकान, जिभेवर गूळ. “आक्का, हे तुम्ही बोलत न्हाय. तुमच्यातनं कोणतरी बोलतंय.”

“कोण रं?”

“ते आपण ठरवूया की.”

दोन दिवसांत कोपऱ्यावर फ्लेक्स लागला. ‘बायाक्का माता, सांडण संप्रदाय.’ गाव पडलं सीमेवरचं, म्हणून वर मराठीत, खाली कन्नडात, म्हणजे कुणाची तक्रार नको. बाया पाया पडायला लागल्या. एक गृहस्थ पोराच्या बारावीच्या मार्कांसाठी नारळ घेऊन आला. बायाक्का तणतणत माझ्याकडं आली.

“तू मोर्चे काढतोस न्हवं? मग हे थांबव. साडी विणली तर म्हणतात बायाक्काची साडी. आणि गोष्ट रचली तर ती देवाची व्हय रं?”

माझं डोकं फिरलं. फ्लेक्स फाडायलाच निघालो, तर तिनंच दंड धरला. “फाडलास की नवा छापंल. दुकान त्याचंच हाय.”

रविवारी नागेंद्रनं हॉलमध्ये सत्संग ठेवला. बायाक्काला हार घालून खुर्चीत बसवलं. तिनं सरळ सांगून टाकलं, “ह्यात देवबिव काय न्हाय. माग चालवता चालवता मी रचलंय.”

नागेंद्र माइकवर ओरडला, “बघा, केवढी ही नम्रता!” टाळ्या! मी मागं उभा राहून दात खात होतो.

बायाक्कानं त्याच्याकडं एकदा बघितलं. हार काढून मांडीवर ठेवला. “बरं. मग पुढचं ऐका. दादू मेला.”

पुढच्या रांगेतल्या बायांनी तोंडाला पदर लावला.

“भाकरीचा घास घशात अडकला. मेला.”

रूपाली ताडकन उठली. “बायाक्का! दादूला का मारलंस गं? त्यानं तुजं काय वाकडं केलतं?”

“शांत ऱ्हावा,” नागेंद्र म्हणाला. “ही वरची इच्छा.”

“वरची कसली? हिच्या मनात आलं, हिनं मारला! बदल गं ते!”

“आनि पाणी द्यायला कोण न्हवतं व्हय?” नागोजी तावातावानं उठला. “मारायचाच तर त्या राजाला मार की! सुपारी हायच तोंडात!”

मग जो तो सुचवायला लागला. नारळवाला गृहस्थसुद्धा म्हणाला, पाठीत एक धपाटा घातला असता तरी चाललं असतं. देवीला कुणी ‘बदल’ म्हणून दटावत नाही हो. ते रचणाऱ्यालाच म्हणतात.

“बदलते की,” बायाक्का म्हणाली. “पर आदी सांगा, दादूला मारलं कुणी?”

“तू!”

“मग ह्यो मुलूख रचला कुणी?”

“तूच की गं भवाने, आनि कोण!” रूपाली किंचाळली. नागेंद्र ‘माता’ म्हणायला गेला, तर नागोजीनं माइकच काढून घेतला.

दादूला तिनं अजून उठवलेलं नाही. सुचंल तवा उठवीन म्हणते. आता तिच्या पाया कुणी पडत नाही, येता-जाता भांडतात मात्र सगळे, आणि बाई अशी खुशीत की विचारू नका.

तेव्हा एकच विनंती. वडगावला आलात तर तिच्यापुढं वाकू नका. समोर बसा, गोष्ट ऐका, आणि काय पटलं नाही ते तिच्या तोंडावर सांगा.