भिक्षावळीतला ड्रम

"उचल ना रे. लाजतोस काय? तुमच्यासाठीच टाकलीये."

शिरीषचा मामा पुण्याहून आला होता. त्यानं एक नोट शिरीषच्या डोक्याभोवती ओवाळली आणि आमच्या पायांपुढं टाकली. ती माझ्या बुटापाशी येऊन पडली. मागं बायका उभ्या होत्या, नटलेल्या. त्यांच्या मागं बंगल्याचं फाटक, फाटकाला झेंडूची माळ.

साइड ड्रम गळ्यात असला की माणसाला वाकता येत नाही. ड्रम मांडीवर आडवा येतो. गुडघा टेकावा लागतो. मी टेकला. शाळेच्या गणवेशात, पांढरे पट्टे बांधलेल्या पायांनी, भर रस्त्यात. नोट उचलली. मामा हसला आणि म्हणाला, "आता जोरात!"

मी जोरात वाजवलं.

शिरीष माझ्याच वर्गातला. आठवीत आम्ही शाळेच्या एकाच हाउसमध्ये होतो. त्या दिवशी त्याची मुंज होती आणि ही त्याची भिक्षावळ. डोक्याचा गोटा, कमरेला मुंजीची दोरी, हातात दंड. पुढं आमचा बँड, मध्ये तो, मागं वऱ्हाड. टाउनशिपच्या गणपती मंदिरापर्यंत अशीच मिरवणूक गेली. तिथं तो चांदीचं ताट पुढं करून "ॐ भवति भिक्षां देहि" म्हणाला आणि बायकांनी त्याचं ताट लाडवांनी, पाकिटांनी भरलं. मागत तो होता. पण सगळ्या गर्दीत भिकारी कोण होतं ते मला नीट कळत होतं.

आमची टाउनशिप एका मोठ्या सरकारी कारखान्याची. भोपाळमध्ये, गोविंदपुऱ्याच्या अंगाला. तिथं माणूस कोण हे विचारावं लागत नसे, क्वार्टर कुठल्या टाइपचं ते विचारलं की पुरे. वर बंगले, खाली आमची एका खोलीची ओळ. माझा बाप फाउंड्रीत होता. वाशीमकडचं गाव सोडून आलेला. गावात आमच्या घरानं पिढ्यान् पिढ्या डफडं वाजवलं. पाटलाच्या घरी लग्न निघो नाहीतर मयत, पुढं चालायचं आणि दारात थांबायचं. जेवण सगळ्यात शेवटी, उकिरड्याच्या बाजूला. बाप ते डफडं त्याच्या भावाकडं ठेवून भोपाळच्या गाडीत बसला होता. आमच्या घरात मी वाद्य म्हणून काही पाहिलेलं नव्हतं. बाप थाळीसुद्धा वाजवू द्यायचा नाही.

शाळा मात्र सगळ्यांची एकच होती, टाउनशिपची. हेच तिचं मोठेपण, असं प्राचार्य सांगायचे. शनिवारी शेवटचे दोन तास गतिविधींचे. वाद-विवाद, नाटक, चित्रकला, स्काउट, बँड. ज्याला जे हवं ते घ्या, असं म्हणायचे. आठवीत मी वाद-विवाद मागितला होता. वाद-विवादाच्या बाईंनी यादी बघून म्हटलं, "वहाँ जगह नहीं है, बैंड में जाओ।" बँडमध्ये जागा होती, कारण साइड ड्रम कुणालाच नको होता. जड असतो. मांडीवर आपटून आपटून काळंनिळं होतं.

बँड शिकवायला एक म्हातारे मास्टरजी होते, फौजेतून निवृत्त झालेले. पहिल्या दिवशी माझ्या हातात काड्या देऊन म्हणाले, "मियाँ, दायाँ हाथ तो सबका चलता है। बाएँ की ख़ैर मनाओ।"

माझा डावा हात चालेचना. अख्खा पावसाळा चालला नाही. उजव्यानं ठोका बरोबर पडायचा, डावा मागून लंगडत यायचा. पोरं हसायची. मास्टरजी डोकं धरून बसायचे. घरी मी आईच्या पिठाच्या डब्यावर हात मारायला लागलो. बापानं ते पाहिलं आणि त्याचा चेहरा बदलला. त्यानं एकच गोष्ट विचारली.

"कोनाच्या दारात वाजवा लागते काय?"

"नाही. शाळेतच. आणि सव्वीस जानेवारीला परेडला."

"मंग वाजव."

दुसऱ्या आठवड्यात त्यानं भंगारातून जाड रबराचा तुकडा आणला, फळीवर ठोकून दिला. त्यावर मी रोज डावा हात घासला. मनगट सुजायचं. आई हळद लावायची आणि बडबडायची, मेल्या, अभ्यास कर की. थंडी पडायच्या सुमाराला एक दिवस मैदानावर रोल, म्हणजे दोन्ही काड्यांचा सलग कडकडाट, सुरू केला आणि डावा उजव्याच्या बरोबरीनं आला. मास्टरजींनी हसणाऱ्या पोरांकडं वळून पाहिलं.

विद्यार्थ्यांना अशा उपक्रमांचा फायदा काय, यावर पोरं निबंध लिहितात. आत्मविश्वास वाढतो, शिस्त येते, मिळून काम करता येतं. सगळं खरं आहे. मला विचारा. मी चारचौघांत मान खाली घालून चालणारा पोरगा, ड्रम गळ्यात आला आणि ताठ झालो. दुसऱ्याचं ऐकायला शिकलो, कारण बासरीवाला चुकला की त्याला सांभाळून घ्यावं लागतं. गणितातसुद्धा डोकं चालायला लागलं. आणि अजून एक फायदा, तो निबंधात कुणी लिहीत नाही. माझ्या ठोक्यावर साहेबांची पोरं पाय उचलायची. मी थांबलो की ती थांबायची. मला ते फार आवडायचं, आणि का आवडू नये?

नववीत मास्टरजींनी मला पुढं केलं. सव्वीस जानेवारीला शहराच्या परेडमध्ये आमची शाळा जाणार होती आणि सगळ्यात पुढचा ड्रम माझा होता. मी झोपेतसुद्धा डावा-उजवा करायचो. बापानं फाउंड्रीत सगळ्यांना सांगून ठेवलं होतं.

त्याच हिवाळ्यात मास्टरजी म्हणाले, "गुरुवार शाम को प्रोग्राम है। ड्रेस में आना।" कुठं ते सांगितलं नाही. आम्ही जमलो, ते आम्हाला घेऊन निघाले आणि बंगल्याच्या फाटकाशी उभं केलं. शिरीषचे वडील कारखान्यातले मोठे साहेब, शाळा समितीवर होते. शाळेत शब्द त्यांचाच चालायचा. बँडमधली दोन बासरीवाली पोरं बंगल्यांतलीच. ती गणवेशात नव्हती. झब्बा-सलवार घालून वऱ्हाडात होती, हातात सरबताचे ग्लास घेऊन. आज वाजवायचं आहे हे त्यांना कुणी सांगितलंच नव्हतं. मी मास्टरजींकडं पाहिलं. ते म्हणाले, "प्रिंसिपल साहब का हुक्म है। यह भी एक्टिविटी है, बेटा।" आणि दुसरीकडं बघायला लागले.

पुढं नोट पडली, मी गुडघा टेकला, ते सांगून झालं आहे.

मिरवणूक परतल्यावर आम्हाला मागच्या अंगणात बसवलं, धुणं धुवायच्या दगडाजवळ. पत्रावळीवर जिलबी, मसालेभात. शिरीषची आई स्वतः वाढायला आली. चांगली बाई, गोड बोलणारी. मी "पुरे काकू" म्हणालो तर ती थबकली.

"अगंबाई, मराठी का तू? कुठले तुम्ही?"

मी गाव सांगितलं. आडनाव सांगितलं.

तिनं एक क्षण माझ्याकडं पाहिलं. मग तिचा चेहरा असा उजळला, जणू कोडं सुटलं.

"तरीच! मी मघापासून ह्यांना म्हणतेय, या मुलाचा हात किती बसलाय. रक्तातच असतं हो ते तुमच्या."

आणि बाकीच्या पोरांपुढं पाण्याचे ग्लास ठेवले होते, माझ्यापुढचा तिनं उचलला. तांब्या वर धरला आणि तितक्याच गोड आवाजात म्हणाली, "ओंजळ कर, बाळा."

मी ओंजळ केली. तहान लागली होती. पाणी कोपरांवरून गणवेशात गेलं.

मला नोटेपेक्षा ते "तरीच" जास्त लागलं. आजही लागतं. माझा अख्खा पावसाळा, सुजलेलं मनगट, बापानं ठोकलेली फळी, मास्टरजींच्या शिव्या, सगळं त्या बाईनं एका शब्दात पुसून टाकलं. शिरीष तबला शिकत होता, त्याचे दोन्ही हात दगडासारखे. पण त्याला ती कला होती, संस्कार होता, व्यक्तिमत्त्व विकास होता. माझी मेहनत मात्र जात ठरली.

दुसऱ्या दिवशी सकाळी बाप ड्यूटीवरून आला. मी त्याला सगळं सांगितलं. तो बूट काढत होता. एक बूट तसाच पायात राहिला.

"दारात वाजवलं?"

"हो."

"वाकला?"

"गुडघा टेकला."

तो मारेल असं वाटलं होतं. मारलं असतं तर बरं झालं असतं. तो म्हणाला, "माह्या बापानं टेकला, म्या टेकला. म्हून तर गाव सोडलं. इथंबी तेच गाव निंगालं." मग राहिलेला बूट काढला. शेवटी म्हणाला, "आता तुह्यं तू पाह्य. म्या काही सांगत नाही."

शनिवारी शाळेच्या मैदानावर सभा होती. प्रमुख पाहुणे शिरीषचे वडील. प्राचार्यांनी भाषण केलं, पाठ्येतर गतिविधियों के लाभ. आत्मविश्वास, अनुशासन, समानता. "समानता" म्हणताना त्यांनी बँडकडं हात केला. मग साहेब उठले. त्यांनी मला पुढं बोलावलं, माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि माइकवर म्हणाले, "इस लड़के को देखिए। यह हुनर इसके ख़ून में है। इसके बाप-दादा बजाते आए हैं। स्कूल ने बस मौक़ा दिया।"

टाळ्या पडल्या. माझ्या वर्गानंसुद्धा वाजवल्या.

"चलो बेटा, आज कुछ अपना वाला सुनाओ। गाँव वाला।"

हात ड्रमवर होते. मी घाबरलो होतो. उगाच शूर होतो असं सांगणार नाही. पण आतून काहीतरी भडकलं होतं आणि ते विझवायची माझी इच्छा नव्हती.

"सर, मुझे गाँव वाला नहीं आता।"

साहेब हसले. माइकपासून तोंड बाजूला घेऊन मराठीत हळूच म्हणाले, "अरे, लाजू नकोस. वाजव."

मी मराठीत बोललो नाही. सगळ्यांना कळायला हवं होतं. माइक समोरच होता.

"यह ख़ून में नहीं था सर। मेरा बायाँ हाथ चलता ही नहीं था। मास्टरजी ने सिखाया, इसी ग्राउंड पर, सबके सामने। और मैं अब किसी के दरवाज़े पर नहीं बजाऊँगा।"

पट्टा डोक्यावरून काढला. ड्रम मातीवर ठेवला, आपटला नाही. काड्या त्यावर ठेवल्या. मग प्राचार्य ओरडले.

सोमवारी बापाला बोलावलं. तो फाउंड्रीच्या कपड्यांतच आला. प्राचार्यांच्या खोलीत साहेब नव्हते, पण त्यांचीच सावली होती. मास्टरजी भिंतीला लागून उभे.

प्राचार्य म्हणाले, "माफ़ी माँग लो। बच्चे हो, भूल जाएँगे। परेड में सबसे आगे तुम ही रहोगे।"

मला परेड हवी होती. हे लिहितानासुद्धा हवी आहे. मी बापाकडं पाहिलं. तो माझ्याकडं बघत नव्हता, खिडकीबाहेर बघत होता. त्यानं शब्द पाळला, काही सांगितलं नाही. मास्टरजींकडं पाहिलं. त्यांचे डोळे सांगत होते, माग रे, मागून टाक. त्यांचं माझ्यावर प्रेम होतं. तेच प्रेम हुकमापुढं मान घालून मला बंगल्याच्या फाटकापर्यंत घेऊन गेलं होतं.

"नहीं सर।"

"तो ड्रम गया।"

"जी।"

"परेड भी गई।"

"जी सर।"

आता जा, असा त्यांनी हात केला. मी गेलो नाही. म्हणालो, "सर, मेरा नाम वाद-विवाद में लिख दीजिए।"

ते हसले. खरंच हसू आलं त्यांना. "तू क्या बोलेगा?"

"शनिवार को जो बोला, वही।"

त्यांनी नाव लिहिलं नाही.

सव्वीस जानेवारीला मी परेड बघायला गेलो. आई नको म्हणत होती. मी मुद्दाम गेलो, पुढं घुसून उभा राहिलो. माझ्या जागी दुसरा पोरगा होता, आमच्याच ओळीतला. त्याचा ठोका मागं पडत होता. शाळा माझ्यासमोरून गेली. मी डोळे पुसले नाहीत आणि तोंडही फिरवलं नाही. रडू आलं ते तसंच उघड येऊ दिलं.

नंतरच्या शनिवारी गतिविधींचा तास झाला तेव्हा मी वाद-विवादाच्या वर्गाबाहेर जाऊन उभा राहिलो. आत शिरीष बोलत होता. बाई दारात आल्या. "तुम यहाँ क्यों खड़े हो? तुम्हारा नाम नहीं है।"

"मालूम है, मैडम।"

"तो जाओ।"

मी गेलो नाही. पुढच्या शनिवारीही येणार होतो, त्याच्या पुढच्याही. आत घेईपर्यंत उभा राहणार होतो, आणि आत घेतलं की बोलणार होतो, या शाळेत आणि या शाळेनंतर जिथं जाईन तिथं. कुठल्या घरात मला ओंजळ करायला लावली, ते पहिल्याच वाक्यात सांगणार होतो. नावानिशी.