बिनफोडणीची कोंबडी

आमच्या गल्लीत कोणाच्या घरी काय शिजतंय हे कळायला आत डोकवावं लागत नाही. तेल तापलं, मोहरी तडतडली, लसूण पडला की चार घरांना वर्दी जाते. मी उभी हयात बसवर कंडक्टरकी केली. ड्युटी संपवून मोताळ्याच्या स्टँडवरून चालत घरी यायचो, तेव्हा कोपऱ्यावरच नाक वर करून ओळखायचो, आज वांगं आहे की मेथी. त्या वासाचं मोल करायची वेळ माझ्यावर कधी आली नव्हती. गेल्या साली लोक शेतांतून कपाशीच्या वाळल्या पऱ्हाट्या उपटायला लागले, त्या दिवसांत आमच्या घरातली फोडणी बंद झाली.

माझ्या बायकोला गर्भाशयाचा कॅन्सर निघाला होता. अकोल्याला केमोचे डोस सुरू झाले आणि दुसऱ्या डोसनंतर तिला तापलेल्या तेलाचा वास चालेना. नुसती कढई गॅसवर ठेवली तरी ती पदर नाकाला लावून न्हाणीकडे जायची. मूलबाळ आम्हाला नाही. तिला मी आणि मला ती, एवढाच संसार. स्वयंपाकात माझी मजल चहापर्यंत. तरी मी वरण-भात शिजवू लागलो, बटाटे उकडू लागलो, पण तेही तिच्या घशाखाली उतरेना. अकोल्याच्या डॉक्टरांनी तिला काट्यावर उभं केलं आणि मला म्हणाले, "काका, वजन असंच उतरत गेलं तर पुढचा डोस देता येणार नाही. जे जाईल ते खाऊ घाला." जात काही नव्हतं, हेच तर दुखणं होतं. पण डॉक्टरशी हुज्जत घालून कोणाचं वजन वाढलंय?

एका दुपारी ती आढ्याकडे पाहत पडली होती. म्हणाली, "ते तिकडची कोंबडी राह्यली असती, तं खाल्ली असती मी."

तिकडची म्हणजे थायलंडची. विहारातल्या मंडळींबरोबर आम्ही एकदा तिथले विहार पाहायला गेलो होतो. बरोबर आचारी होता, म्हणजे वंदना तिकडची आणि पोळी-भाजी इकडची असा आमचा बेत. एका विहाराच्या बाहेर एक बाई निखाऱ्यावर कोंबडी भाजत बसली होती. उंच मातीच्या उखळात ती मिरची, लसूण आणि गूळ कुटायची, वर लिंबू पिळायची. मग त्यात कच्च्या पपईचा कीस, पुदिना, भाजलेले शेंगदाणे आणि कोंबडीचे हाताने सोललेले तुकडे. सगळं कालवायचं आणि तसंच थंड पुढे ठेवायचं. मी म्हटलं, "पोट बिघडीन तुयं, चाल." ती बसलीच. डोळ्यांतून पाणी, नाकातून पाणी, आणि ताटली मात्र चाटूनपुसून स्वच्छ. नंतर तिने एकेक जिन्नस हातात घेऊन हुंगला, खुणांनी विचारलं. दोघींना एकमेकींचं अक्षर कळत नव्हतं, तरी चांगल्या खिदळत होत्या. गाडीत बसल्यावर मला म्हणाली, "हे तं सारंच आपल्या बाजारात भेटते." पुढे कितीतरी दिवस मी तिला चिडवत होतो, की सगळे बुद्ध पाहून आले आणि आमची ही कोंबडी पाहून आली.

आता तीच कोंबडी मला करायची होती. मोबाइलवर शोधलं तर एक जण बाटल्यांची रांगच मांडून बसला होता. "ठेवा तो फोन," ती म्हणाली. "मले आठवते सारं."

तिला खरंच आठवत होतं. आठवडी बाजारातून मी कच्ची पपई, पुदिना आणि मिरच्या आणल्या. गवती चहा न्हाणीच्या पाण्यावर माजलाच होता. तिकडे म्हणे माशाचं खारं पाणी घालतात. ते इथे कोण ठेवणार? तिने सुकट आणायला लावली. ते वाळके बारके मासे मिठाच्या पाण्यात उकळायचे आणि पाणी गाळून ठेवायचं. तेलाच्या वासाने उलट्या होणारी बाई सुकटीच्या वासाला हसली. "थेंबभरच टाका," म्हणाली, "नाही तं गावची मांजरं येतीन." या रोगाची तऱ्हाच न्यारी.

तोंड आतून सोलवटल्यामुळे तिला जास्त बोलवत नसे. म्हणून तिने माझाच धंदा माझ्यावर उलटवला. मागच्या दाराशी तिची खाट टाकली होती आणि हातात स्टीलचा पेला आणि चमचा. पेल्यावर एक ठोका म्हणजे थांबा, दोन ठोके म्हणजे जाऊ द्या. बसमध्ये घंटीची दोरी मी ओढायचो तेव्हा ड्रायव्हर मुकाट ऐकायचा, तसा आता मी मुकाट ऐकत होतो. सवयीने कोंबडीला हळद लावायला गेलो. टण्. हळद नको. गवती चहा, लसूण आणि मीठ ठेचून लावलं. टण् टण्.

पऱ्हाटीचा जाळ मोठा फसवा. भडकतो असा की वाटावं घर पेटतंय, आणि वळून पाहावं तर राख. पहिली तंगडी वरून काळी आणि आतून कच्ची निघाली. मी जाळीला शिव्या दिल्या, वाऱ्याला दिल्या. नाचता येईना अंगण वाकडं, दुसरं काय. मग पऱ्हाटीने नुसतं पेटवून वर बाभळीची लाकडं घातली, निखारे होऊ दिले आणि पापड भाजायच्या जाळीवर कोंबडी सावकाश भाजली. धुराचा तिला त्रास नव्हता, तेलाचाच होता. पपईच्या किसावर उकळतं पाणी ओतून तो निथळू दिला, कारण अकोल्याला कच्चं देऊ नका म्हणून बजावलं होतं. मूठभर तांदूळ कोरडेच भाजून कुटले, तेही तिनेच आठवून सांगितलं. मिरची तिच्या तोंडाला सोसणार नव्हती, म्हणून एकच, तीही बी काढून. सगळं परातीत कालवलं आणि ताटली तिच्यापुढे धरली.

तिने एक तुकडा तोंडात ठेवला आणि डोळे मिटले. मी तिच्या घशाकडे पाहत होतो. घास उतरला. दुसरा घेतला. "गूळ जास्त झाला," म्हणाली, आणि तिसरा घेतला. अर्धी ताटली संपवून तिने पेल्यावर दोन ठोके मारले. मी न्हाणीत जाऊन तोंडावर पाणी मारून आलो. साठी उलटलेला माणूस एका कोंबडीवरून रडतोय हे गल्लीने पाहायला नको होतं.

त्यानंतर एक दिवसाआड आमच्या मागच्या अंगणात निखारे पडू लागले. शेजारणी म्हणायच्या, बिमार बाईला थंडी कोंबडी काऊन चारता? मी म्हणायचो, ती खाते म्हणून. पुढच्या खेपेला काट्यावर वजन उतरलं नव्हतं. डोस मिळाला. अकोल्याहून येताना गाडीत ती माझ्या खांद्यावर झोपली आणि मी मूर्खासारखा हिशेब करत बसलो, की पावसाळ्यात निखारे भिजतील, तेव्हा मागे एक पत्रा टाकावा लागेल.

मग माझी मोठी बहीण आली. अक्का हिवरा आश्रमाजवळच्या गावात दिलेली. भावजय बिमार म्हणून दोन पिशव्या भरून आली, येताच तिच्या पायांना तेल लावायला बसली आणि मी नको म्हणताच उठून भांडी घासू लागली. तिची माया खोटी नव्हती, हे आधी सांगतो. पण स्वयंपाकघरात गेल्यावर तिने मोहरीचा डबा उघडला आणि तिचा चेहरा उतरला. मोहरीला जाळी लागली होती.

"भाऊ, घरात फोडणी नाही?" तिने मला बाजूला घेऊन विचारलं.

"तिले वास सहन नाही होत."

"अरे, फोडणी मयताच्या घरात बंद राह्यते. जित्या माणसाच्या घरात कोनी बंद करते काय?"

आम्ही धम्म घेतला, सुतक सोडलं, बाकीचं पुष्कळ सोडलं. अक्काच्या हातातून फोडणी सुटली नव्हती. मी तिला समजावलं, ती मान डोलावून 'हाव' म्हणाली. मला वाटलं, समजली.

दुसऱ्या दिवशी दुपारी कोंबडी भाजून, सोलून परातीत तयार होती. पुदिना संपला होता, तो आणायला मी कोपऱ्यावरच्या मळ्यात गेलो. जुडी घेऊन परत वळलो आणि गल्लीच्या तोंडाशीच मला वास आला. तेल, मोहरी, लसूण, लाल तिखट. इतक्या महिन्यांनी तो वास आला आणि माझ्या तोंडाला पाणी सुटलं. कोणाच्या घरचा, हे ओळखायला एक क्षण गेला. त्यानंतर ठोका ऐकू आला. टण्. थोड्या वेळाने पुन्हा, टण्. मग पुन्हा. एकेकच.

मी धावलो. अक्का परातीशी उभी होती, पळीत अजून तेल फसफसत होतं. थंड, पांढऱ्या कोंबडीवर तिने चरचरीत फोडणी ओतली होती. पेल्याचा आवाज तिला ऐकू आला होता. तिला वाटलं पाणी मागते आहे, म्हणून तिने तांब्या नेऊन ठेवला आणि परत येऊन वरून कोथिंबीर घातली.

बायको खाटेवर ओणवी होती. पोटात होतं नव्हतं ते सगळं बाहेर आलं होतं आणि तरी उमाळे थांबत नव्हते. अक्का दाराला धरून रडायला लागली, "मले वाटलं, बिचारीच्या तोंडाले चव येईन. असं मयतावानी जेवण माह्याच्यानं पाह्यलं नाही गेलं रे." मला तिचा फार राग आला. वैऱ्याने केलं असतं तर भांडता आलं असतं. उलट बायकोच तोंड पुसून म्हणाली, "राहू द्या अक्का, माहीत नव्हतं तुमाले."

ती परात मी आणि अक्काने संपवली. टाकणार कुठे? चवीला चांगली झाली होती, आणि त्याचाच मला जास्त राग आला.

अक्का गेल्यावर मी कढई, पळी, परात राखेने घासली. दारं-खिडक्या उघड्या ठेवल्या. मग नव्याने निखारे केले, नवी कोंबडी, थेंबभर सुकटीचं पाणी, गूळ कमी. सगळं पहिल्यासारखं. ताटली पुढे धरली. तिने घास तोंडापर्यंत नेला आणि परत ठेवला.

"काय झालं?"

"याले आता तोच वास येते."

"नाही वं. मी स्वतः केली. तेल नाही, काहीच नाही."

"मले माहीत आहे," ती म्हणाली. "तरी येते."

मी लिंबू वाढवून पाहिलं, पुदिना वाढवून पाहिला. कोंबडी बदलून मासे भाजले. तिने प्रत्येक वेळी प्रयत्न केला. पोटासाठी नाही, माझ्यासाठी केला, हे मला दिसत होतं. साऱ्या जगात एक चीज तिच्या घशाखाली उतरत होती, आणि ती चीज आमच्याच मायेने बाटवली. आता उतरण्यासारखं काही उरलं नव्हतं.

अकोल्याला या खेपेस डॉक्टरांनी काटा पाहिला, मग कागद पाहिले, मग मला बाहेर बोलावलं. डोस देता येणार नाही म्हणाले. यापुढेही नाही. घरी न्या, दुखू नये यासाठी गोळ्या देतो. मी परत आत आलो तेव्हा तिने माझ्याकडे पाहिलं आणि चपला पायात सरकवल्या. माझं तोंड वाचायला तिला पेला-चमचा लागत नव्हता.

घरी आलो त्या संध्याकाळी मी तिला पुढच्या खोलीत खाटेवर निजवून पाणी पाजलं आणि स्वतःसाठी भाताचं पातेलं चढवलं. ती म्हणाली, "वरणाले फोडणी द्या आज."

"तुले वास येईन."

"येऊ द्या. मी काही खाऊन नाही राह्यली, तं तुमी काऊन अळणी खाता? अन् घराले घरावानी वास येऊ द्या."

मी नको म्हणालो. तिने बोटाने स्वयंपाकघर दाखवलं. मग मी उठलो, नवी मोहरी काढली, तेल टाकलं. मधलं दार लोटायला गेलो तर म्हणाली, "उघडंच राहू द्या." तेल तापलं. मोहरीची चिमूट हातात धरून मी उभा राहिलो. तेलातून धूर निघायला लागला तरी हात पुढे होईना. ती एक ठोका मारेल, याची मी वाट पाहत होतो.

तिकडून आवाज आला. टण् टण्.

मी मोहरी टाकली. ती तडतडली, लसूण लाल झाला, वास पुढच्या खोलीत गेला आणि तिथून गल्लीत गेला. तिने पदर नाकाला लावला नाही. मी ताट घेऊन तिच्या खाटेशी बसलो आणि जेवलो.