घोणशीचा मुलूख

दारव्ह्याच्या रस्त्यालगत रचलेल्या सोयाबीनच्या गंजीचा उबट, धुळकट वास नाकात शिरला की अजूनही माझी पावलं आपोआप मागे सरतात. लोकांना त्या वासात सुगी भेटते. मला मात्र त्याच्याबरोबर एक लांबलेला फूत्कार ऐकू येतो, आणि उभ्या जागी उभं राहवत नाही.

माझ्या थोरल्या वहिनीला घोणस चावली ती अशाच एका गंजीपाशी, भर दुपारी. मळणीयंत्र यायचं होतं म्हणून ती ताडपत्री ओढत होती. कुकरची वाफ सुटावी तसा आवाज झाला नि ती मटकन खाली बसली. घोट्यावर दोन लाल ठिपके. कुणीतरी मांत्रिकाचं नाव काढलं, दादा गोंधळून गेला. वहिनीनंच निकाल दिला, "भाऊजी, जीप बोलवा. मले यवतमाळले न्या. मंतर वापस आल्यावर पाहू." जीपमध्ये तिच्या हिरड्यांतून रक्त येऊ लागलं. ती पदरानं पुसत राहिली आणि मी, काहीच न सुचून, ड्रायव्हरच्या मागे घाई लावत राहिलो.

विषावरची लस लागू पडली. पण मूत्रपिंडांनी दगा दिला आणि दवाखान्यातला मुक्काम लांबला. त्या खाटेवर तिला भलताच नाद लागला. माझ्या मोबाइलवर ती देशोदेशीच्या घोणशीच्या भाऊबंदांना पाहू लागली. कुणी डोळ्यांवर शिंगं मिरवत वाळवंटात वाळूखाली दडलेली, कुणी घनदाट रानातल्या ओल्या फांदीवर पानासारखी हिरवीगार, तर कुणी उत्तरेकडच्या मुलखात बर्फाखाली अख्खा हिवाळा निजून काढणारी. मला ते बघवेना.

"वयनी, कायले पाहून राह्यल्या?"

"पाह्यतो ना, कोठी कोठी राह्यतेत थ्या." मग मोबाइल उशाशी ठेवत म्हणाली, "याहीले वाळू हाय, बरफ हाय, झाडं हायेत. मले तं एकच वावर हाय. मी काहून सोडू?"

घरी आल्यावर दादानं तिला शेताची मनाई केली. कापूस फुटला तशी ती उठली, दादाचेच बूट पायांत चढवले, काठी घेतली आणि निघाली. कपाशीच्या पहिल्या ओळीशी तिनं काठी आपटली, थांबली, पुन्हा आपटली. मी धुऱ्यावर, बांधाशीच थांबलो होतो; तिचा श्वास मला तिथून ऐकू येत होता. मग ती वाकली आणि वेचू लागली.

तिचा घोटा अजून काळसर आहे, थंडीत ठणकतो. भीती गेली का, असं मी एकदा विचारलं. "नाही गेली," ती म्हणाली, "संगंच येते वावरात."

काळ सगळं बुजवतो म्हणतात. मला वाटतं, तो माणसाला भीतीच्या शेजारी नांदायला शिकवतो, आणि तो शेजार काही प्रत्येकाला साधत नाही. दंश तिला झाला होता. त्या वावरात पाऊल टाकवत नाही ते मला.