मी पक्षकार नाही

वकीलबाईंनी नोटीस दोनदा वाचली, चष्मा काढला आणि मला विचारलं, "तुम्ही यात कोण?"

मी कोण! घाटकोपरच्या ज्या खोलीच्या दारावर कोर्टाचा माणूस तो कागद चिकटवून गेला, त्या खोलीत मी जन्मापासून राहते. आईचं दुखणं तिथेच काढलं, वडिलांचंही. लग्न केलं नाही, त्यामुळे घर बदलायची वेळच आली नाही. हे सगळं मी एका दमात सांगितलं. बाईंनी ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "ते खरं हो. पण मालकाने दावा लावला तुमच्या भावावर. हरला तो. अपील करायचं तर त्याने करायचं. तुम्ही पक्षकारच नाही."

भाऊ लग्न झाल्यापासून गोरेगावला राहतो. तरी भाडेपावती त्याच्या नावावर, कारण ती आम्हीच करून दिली. वडिलांचं तेरावं झालं आणि काका म्हणाले, पावतीवर पुरुषमाणसाचं नाव असलं की मालक जरा दबून असतो. आमच्याकडे रीतच आहे. बहीण ना-हरकत लिहून देते, भाऊ साडी देतो, विषय संपतो. माझं अक्षर चांगलं, शिवाय सगळी नोकरी शाळेच्या ऑफिसात अर्ज लिहिण्यात गेलेली, म्हणून तो कागद मीच लिहिला. 'माझी हरकत नाही' एवढं पुरे होतं. पण कागद पक्का नको का? 'सदर खोलीवर माझा कोणताही हक्क नाही व भविष्यात मी तो सांगणार नाही,' ही ओळ मी पदरची घातली. वर झेरॉक्स काढून जपून ठेवली. असा शहाणपणा शत्रूलाही सुचू नये.

बाईंनी ती झेरॉक्स बघून कपाळाला हात लावला. "निकालाने ज्याचं नुकसान होतं, त्याला कोर्ट अपिलाची परवानगी देऊ शकतं. मागून बघू. पण समोरचा वकील हा कागद काढणारच. त्यापेक्षा भावाची सही आणा. तीस दिवसांची मुदत असते, त्यातले नऊ गेलेत."

मला हायसं वाटलं. सहीच ना? भाऊ काही परका नाही. दावा चालू होता तेव्हा प्रत्येक तारखेनंतर त्याचा फोन यायचा, "ताई, तू टेन्शन घेऊ नको, मी बघतोय ना." मी खरंच घेतलं नव्हतं.

रविवारी वकीलपत्र घेऊन गोरेगावला गेले. भावजयीने चहा ठेवला. भावाने कागद उचललासुद्धा नाही.

"ताई, हे नको आता."

"नको म्हणजे? तू फक्त सही कर, धावपळ मी करते."

"केस हरलो तो मी हरलो. तुला काय त्याचं?"

हेच बाईंनी सभ्य शब्दांत सांगितलं होतं, तेव्हा राग आला नव्हता. माझ्या कडेवर वाढलेल्या माणसाच्या तोंडून ऐकलं आणि अंगाचा तिळपापड झाला.

"माझं घर जातंय रे! मी राहू कुठे?"

"इकडे ये ना. एवढा हॉल आहे."

भावजय उठून आत निघून गेली. काय समजायचं ते मी समजले.

भाऊ मान खाली घालून म्हणाला, "मी कोर्टात लिहून दिलंय, अपील करणार नाही म्हणून. मालकाशी माझं बोलणं झालंय. मलाही पोरं आहेत, ताई."

"कधी लिहून दिलंस?"

त्याने वकीलपत्र माझ्याकडे सरकवलं. मी पुन्हा विचारलं.

"गणपतीच्या आधी."

आमचा गणपती त्याच खोलीत बसतो, पाच दिवस. यंदाही बसला. भाऊ बायकोमुलांना घेऊन आला, मखर त्याने बांधलं, मी केलेले मोदक मागून मागून खाल्ले. विसर्जनाला मूर्ती त्याच्याच डोक्यावर होती, आणि चाळीचा जिना उतरताना 'पुढच्या वर्षी लवकर या' असं सगळ्यांत मोठ्याने तोच ओरडत होता.