दोड्डवीरप्पांचे अकरा दिवस

सकाळी सहा वाजून चाळीस मिनिटांनी दामोदरराव शिंदे ऑनलाइन विश्वकोशातल्या एका वाक्याचा चौथा संदर्भ उघडून वाचत होते. वाक्य असं: १९८१च्या तंबाखू आंदोलनात दिवंगत आमदार दोड्डवीरप्पा अकरा दिवस तुरुंगात होते. हुणसूरकडच्या या आमदारांचं चरित्र दामोदररावांनी बारा वर्षं सांभाळलं होतं. आज दुपारी बाराला लेखाची छाननी संपणार होती. या वाक्याला पक्का आधार मिळाला तर ‘उत्तम लेख’ असा शिक्का बसणार, नाहीतर लेख नापास.

दामोदरराव कॉलेजचे निवृत्त ग्रंथपाल. पूर्वज म्हैसूरच्या घोडदळात आले आणि इथलेच झाले. घरात मराठी, पण आनंद किंवा राग झाला की कन्नड. विश्वकोशावर लिहिणारे त्यांना ‘कात्री’ म्हणत, कारण आधार नसलेलं वाक्य दिसलं की ते काढून टाकत. मग ते कुणाचंही असो.

वरच्या मजल्यावरची भाडेकरू विभावरी चहाचा कप घेऊनच खाली आली आणि त्यांच्या शेजारी बसून चारही संदर्भ चाळू लागली. मूळची नाशिकची, सॉफ्टवेअरमधल्या चुका शोधणं हे तिचं पोटापाण्याचं काम.

“काका, या चारही बातम्या २०१४ नंतरच्या आहेत. शब्दसुद्धा तेच. सगळ्यांनी तुमच्या लेखातून उतरवलंय.”

“म्हणजे आपला लेख बातमीवर उभा आणि बातमी लेखावर? सरी होयतु! झालं कल्याण!” दामोदररावांनी कपाळाला हात लावला. “मुळात हे वाक्य घातलं कुणी? आधी तो चोर पकड.”

विभावरीने लेखातल्या बदलांची यादी मागे मागे नेली आणि हसायलाच लागली.

“सापडला. तुमच्याच घरात राहतो.”

“वरच्या मजल्यावर?”

“नाही, खालच्या.”

९ जून २०१३. पुढे त्यांचंच नाव.

आता त्यांना आठवलं. दोड्डवीरप्पांच्या हुणसूरमधल्या शोकसभेत कुणीतरी माइकवरून अकरा दिवस म्हणालं होतं. बसमधून उतरून घरी आल्या आल्या त्यांनी ते टाकलं होतं. तेव्हा हातात कात्री नव्हती.

“दुसऱ्या कुणाचं असतं तर?” विभावरीने विचारलं.

“कापलं असतं.”

“मग?”

“हेही कापणार. पण खरं काय ते बघितल्याशिवाय मला जेवण जायचं नाही. चल, चप्पल घाल.”

ऑफिसला उशिरा येते असं कळवून विभावरी निघाली. वाचनालय उघडायच्या आधीच दोघं दारात हजर होते. तिथल्या वनजाबाईंनी कन्नड दैनिकाचे १९८१चे बांधीव खंड टेबलावर आणून ठेवले. सप्टेंबर कोरडा गेला. ऑक्टोबरची पानं कडेने तुटत होती, तरी दामोदररावांचा हात थांबेना. अकरा वाजून वीस मिनिटांनी, चौदा तारखेच्या तिसऱ्या पानावर ते थबकले.

“सिक्तु! सापडलं!”

सगळ्या माना वळल्या. वनजाबाईंनी ओठांवर बोट ठेवलं आणि काय सापडलं ते बघायला स्वतःच धावत आल्या. चाळीस शेतकऱ्यांसह दोड्डवीरप्पांना अटक. सतराच्या अंकात सुटका.

“तीन दिवस!” विभावरी कुजबुजली. “बाकीचे आठ माइकवर वाढले.”

अकरा बेचाळीसला विभावरीच्या फोनवरून लेखात तीन दिवस आले, सोबत अंकाची तारीख आणि पान. चर्चेच्या पानावर दामोदररावांनी लिहिलं: मूळ चूक माझी, ९ जून २०१३, त्या चार बातम्या आधार म्हणून धरू नयेत. अकरा छपन्नला छाननी करणाऱ्याचं उत्तर आलं: आधार मान्य, लेख उत्तीर्ण.

विभावरीने टाळीसाठी हात पुढे केला. दामोदररावांचं लक्षच नव्हतं.

“त्या वर्षी मी बाकीच्या लेखांत आणखी किती वाक्यं अशीच टाकली, बघ बघू.”

तिने यादी काढली. “बिनआधाराची एकशे सत्तेचाळीस.”

“अय्यो!” ते म्हणाले, पण डोळे चमकत होते. त्यांनी वनजाबाईंना टेबलावरचे खंड कपाटात परत न ठेवण्याची विनंती केली आणि दाराशी लावलेली पाटी वाचली. उद्या वाचनालय सकाळी नऊला उघडणार होतं.