काळ्या दोऱ्याच्या गाठी

गेल्या रविवारी पिपरी मेघेला भावाकडे बारसं होतं. विलासला मुलगी झाली... लग्नानंतर आठ वर्षांनी. डॉक्टरांनी बाळाचं डोकं दोनदा तपासलं, सगळं व्यवस्थित आहे.

बायका जमायच्या आधी आईने काळ्या दोऱ्याचं रीळ माझ्या हातात दिलं. "करगोट्याचं माप घे वं," म्हणाली. मी बाळाच्या कमरेभोवती दोरा फिरवला... आणि माझा हात थांबला.

असाच दोरा मी पूर्वी धरलेला आहे.

मी दहा वर्षांची होते, आम्ही वडनेरला राहायचो. विलास आठ महिन्यांचा. मेंदूतलं पाणी ज्या बारीक वाटेने खाली उतरतं, ती वाट त्याची जन्मापासूनच अरुंद होती. पाणी साचून डोकं वाढायला लागलं, म्हणून ऑपरेशन करून डोक्यातून पोटापर्यंत कातडीखालून नळी टाकली होती.

डॉक्टरांनी आईला बजावलं होतं, दर आठवड्याला डोक्याचं माप घ्या. बाळ आहे, थोडं वाढणारच... पण एकदम वाढलं तर नळी बंद पडली समजा आणि लगेच निघा. घरात मोजायची टेप नव्हती. आईने करगोट्याचा दोरा काढला, आणि माप घ्यायचं काम माझ्याकडे आलं.

ते रविवार अजून डोळ्यांपुढे आहेत. अंगणातलं कोवळं ऊन, शेगडीवर टाकलेल्या ओव्याचा वास, आईच्या पायांवर तेल लावून पडलेला विलास. मी दोरा त्याच्या कपाळावरून मागे फिरवायची, टोक पोचेल तिथे गाठ मारायची. त्याला तो खेळ वाटायचा. दोरा धरून खदखदून हसायचा. मला त्या कामाचा केवढा अभिमान होता!

एका रविवारी दोरा गाठीपर्यंत पोचेना. चांगलं बोटभर अंतर.

पहिल्या ऑपरेशनच्या वेळी आई महिनाभर दवाखान्यात होती आणि मी मामीकडे. मामी वाईट नव्हती... पण तिथे माझी वेणी कोणी घालत नव्हतं. मी दोरा ताणला. विलास रडला. तरी पुरेना, तेव्हा जुन्या गाठीला खेटूनच नवी मारली. "बरोबर आहे," आईला सांगितलं.

बुधवारी सकाळी आई त्याला घेऊन पहिल्या एसटीने निघाली. नळी खरंच बंद पडली होती, ती बदलली. विलास वाचला. आज त्याचं झेरॉक्सचं दुकान आहे, फक्त डावा पाय जरा ओढत चालतो. तो पाय कशामुळे, हे डॉक्टरांनाही सांगता आलं नाही. मी मात्र इतकी वर्षं ते तीन दिवस मोजत आले.

"काऊन वो ताई, इतका सैल?" माझ्या हातातला करगोट्याचा दोरा पाहून विलास हसत होता. "पोरीले करगोटा पाहिजे, बैलाले दावं नाई!"

आणि मी बोलून गेले. तिथेच, पाळण्यापाशी. तो रविवार, ताणलेला दोरा, खोटी गाठ... सगळं.

आई बाळाच्या टोपड्याची नाडी बांधत होती, तिने मान वर केली नाही.

"मले माहीत होतं," ती म्हणाली. "त्याच दिवशी. दोऱ्याचा वळ होता त्याच्या कपाळावर."

"मंग बोलली काऊन नाई?" मी विचारलं.

"मी पुन्हा माप घेतलं. बोटभर जास्त होतं." आईने नाडीची गाठ ओढली. "पण मलेही वाटलं, तुही गाठच खरी असन... पुन्हा त्या वॉर्डात जायची हिंमत नव्हती माही. तीन दिवस तुह्या गाठीकडेच पाहत राह्यली. ते दिवस माहे आहेत, बाई. तुहे नाईत."

विलासने आमच्या दोघींकडे पाहिलं.

"म्हणजे तुमी दोघी मिळून माह्या डोक्याले फसवून राह्यल्या होत्या!" आणि मग, जरा हळू आवाजात, "घ्या आता नीट माप. बाया येऊन राह्यल्या."

आईने दोऱ्याचं एक टोक धरलं, मी दुसरं. बाळाच्या पोटाशी एक बोट मावेल इतकी जागा ठेवून मी गाठ मारली. या वेळी माप बरोबर आलं.

हे लिहिताना आणखी एक आठवलं. त्या बुधवारी आई मला पुन्हा मामीकडे सोडून गेली, पण त्या खेपेला मामी रोज सकाळी न चुकता माझी वेणी घालायची. आईने तिला जाताना काही सांगितलं होतं का, मला माहीत नाही. विचारलंही नाही... पण आज वाटतं, नुसता वळ पाहून आईला सगळंच कळलं असावं, मी ती गाठ का मारली तेसुद्धा.