विलायती फाळाची चोरी

ओल्या हळदीचा वास आला की आजही ती केस माझ्यासमोर उभी राहते. आमच्या घरात ही हकीकत सगळ्यांना पाठ आहे. मी सांगायला बसलो की मुलं मध्येच विचारतात, "बाबा, विहीर आली का?" विहिरीपाशी त्यांना पोट धरून हसायचं असतं. मीही आजवर गोष्ट तिथंच थांबवत आलो. विहिरीच्या पुढचं घरात कुणाला सांगितलेलं नाही. आता लिहायलाच बसलोय तर तेही लिहितो. नावं मात्र कुणाचीच सांगणार नाही. धर्माबादच्या अंगाचं एक गाव, एवढं पुरे.

निजामी अमलाची ती शेवटची वर्षं. मोठी लढाई नुकतीच संपली होती. मी नवा नवा जमादार. मिशी पुरती उगवली नव्हती, पण तिला पीळ द्यायची सवय आधीच लागली होती. ठाण्याचं सगळं कामकाज उर्दूत चालायचं. ठाण्याचे प्रमुख म्हणजे अमीनसाहेब. दम्यानं बेजार झालेला, सरळ माणूस. माझं अक्षर चांगलं होतं, म्हणून अक्कलही चांगली असावी असा त्यांचा समज होता. माझाही होता.

गावातल्या सर्वांत मोठ्या हळदीवाल्या मालकाकडे त्या वर्षी हैदराबादहून एक एजंट आला. सोबत लाकडी खोक्यात विलायती यंत्र. चार बैलांनी ओढायचं, वर बसायला लोखंडी आसन, पुढे हातभर रुंद फाळ. फाळ जमिनीत शिरणार आणि कंद वर येणार. मालकाच्या ओसरीवर एजंटानं रंगीत चित्रांचं पुस्तक उघडलं. बंदोबस्ताच्या नावाखाली मीही पुढच्या रांगेत होतो.

"लढाईत रणगाडे बनवणारे कारखाने आता रिकामे झालेत," एजंट सांगत होता. "तिकडे बटाटा, बीट, गाजर, सगळं यंत्रानं निघतं. शेतावर माणूसच मिळत नाही ना! तिकडची गरज भागली की हा माल हिंदुस्थानाकडे वळणार. किंमत उतरणार. आज तुमच्याकडे एक आहे, चार वर्षांनी तालुक्यागणिक दिसेल. जो आधी घेईल तो पुढे जाईल, मालक."

"पण हळदीला चालतं का?" मालकांनी विचारलं.

"जमिनीखाली जे जे पिकतं त्याला चालतं. एक कंद मागे राहणार नाही."

अंगणाच्या कडेला हळद खांदणाऱ्यांची टोळी उभी होती. टोळीची मुकादम पन्नाशीची विधवा बाई होती. सगळा गाव तिला मावशी म्हणायचा. तिनं तिथूनच विचारलं, "येक बी न्हाई?"

"एकही नाही, बाई."

"मंग आमी काय खावं?"

ओसरीवर हशा पिकला. एजंटाला कळलं नाही. आमच्याकडे रीत अशी होती की टोळीनं रान खांदून दिलं की मातीत चुकून राहिलेली हळद टोळीची. त्याला सरवा म्हणतात. चार दिवस बायका ते रान बोटांनी चाळायच्या. मजुरीवर पोट भरायचं आणि सरव्यावर वर्षाचं लुगडं, लेकराचं औषध निघायचं. यंत्रानं एकही कंद मागे ठेवला नाही, तर सरवाही गेला.

"असं असंल तर त्या मशिनीचे दातच पाडाया पायजेत," मावशी म्हणाली आणि टोळी घेऊन निघून गेली. सगळे हसले. मीही हसलो.

गुरुवारी यंत्र रानात चालवून दाखवायचं होतं. तहसीलदार येणार होते, बाजारातले व्यापारी येणार होते. गुरुवारी सकाळी पाहतात तो यंत्राचा फाळ गायब. दुसरा मागवायचा तर मुंबईहून, आणि मुंबईत तो बोटीनं येणार. तोवर हंगाम संपणार.

मी रुबाबात पंचनामा केला. यंत्र कुठं उभं आहे, चाकं किती, आसन कसं, सगळं घोटीव अक्षरात लिहिलं. तेवढ्यात मुखबीर आला. मुखबीर म्हणजे आमचा खबऱ्या; धंद्यानं चहावाला. "साहेब, मावशीच मशिनीचे दात पाडते म्हणली व्हती की. समद्यांनी आयकलंय."

ऐकलं तर मीही होतं. पण तेच वाक्य खबऱ्याच्या तोंडून आलं की पुरावा वाटतं, हा नोकरीतला अनुभव आहे.

त्या दिवशी बाजार होता. मी मावशीला बाजाराच्या भर रस्त्यातून ठाण्यात नेलं. ती पायी पुढे, मी मागे सायकलवर. इतक्या हळू सायकल चालवणं मला जमेना. दोनदा पाय टेकावा लागला, एकदा भाजीच्या पाटीवर गेलो. पण लोक माझ्याकडे बघत नव्हते. ते तिच्याकडे बघत होते.

ठाण्यात हवालात एकच, त्यात आधीचे दोन आरोपी. म्हणून तिला ओसरीवर बसवलं आणि कोतवालाच्या बायकोला सोबत दिली. चौकशी मी सुरू केली.

"फाळ कुठंय?"

"मला न्हाई ठावं."

"दात पाडीन म्हणालीस ना?"

"म्हणले. म्हणनं येगळं, करनं येगळं. रातभर घरी व्हते. सुनंला ताप हाय, इचारा."

मी विचारलं नाही. तोच प्रश्न वीस वेळा केला, तेच उत्तर वीस वेळा आलं. मालकांचा माणूस दर दोन तासांनी चौकशीला येई. अमीनसाहेब खोकत विचारत, "जमादार, कुछ निकला?" शुक्रवारी दुपारी माझा धीर संपला. मी टेबलावर दांडका आपटला आणि म्हणालो, "ठीक आहे. तुझ्या तापाच्या सुनेलाच आणतो ठाण्यात. ती सांगेल."

मावशीनं कोतवालाच्या बायकोकडे पाहिलं. मग म्हणाली, "नगा आनू तिला. म्याच घेतला फाळ. मालकाच्या जुन्या हिरीत टाकला."

मी दौत उघडली, टाक बुडवला आणि कबुलीजबाब लिहून घेतला. तिचा अंगठा घेतला. अमीनसाहेबांनी पाठ थोपटली.

आता विहीर. मुलांच्या आवडीची. शनिवारी दोन मोटा लावून ती उपसायला घेतली. तळ दिसायला लागल्यावर मला राहवेना. आपण स्वतः पहिला हात घालावा म्हणून बूट काढून उतरलो आणि शेवटच्या पायरीवरून सरळ चिखलात बसलो. छातीपर्यंत. एक जवान मला काढायला आला, तोही आत. वरून गाव बघत होतं. मोटेवरचा गडी म्हणाला, "साहेब, फाळ गावला का?" गावला नव्हता. गावल्या त्या दोन कळशा, एक तुटकी रहाटाची कडी आणि कुणाची तरी वहाण. काठावरचा माझा डावा बूट कुणीतरी आत ढकलला, तो नंतर मिळालाच नाही.

घरी गोष्ट इथं संपते.

फाळ मिळाला नाही तरी कबुली होती. अमीनसाहेब म्हणाले, "माल नाही, तर नाही. सोमवारी हिला कागदांसकट नांदेडला पाठवून द्या." नांदेडला म्हणजे कोर्टात, आणि कबुलीवर थेट तुरुंगात. मावशीनं ऐकलं. एवढंच विचारलं, "सुनंचा ताप उतरला का, कुनी सांगंल का?"

रविवारी सकाळी मी कागदांची नक्कल करायला बसलो. पंचनामा उतरवताना माझाच एक परिच्छेद समोर आला. लिहिलं होतं: फाळाचे चार नट आसनावर, तेल लावून, स्वच्छ फडक्यात बांधलेले; चाकाला हळदीकुंकवाची बोटं.

मी टाक खाली ठेवला. यंत्राचे दात पाडायला आलेला माणूस नट पुसून, तेल लावून ठेवील का? नट पुन्हा लावायचे असतात तेव्हाच ते असे जपून ठेवतात. गुरुवारी सकाळी हे सगळं मी माझ्या डोळ्यांनी पाहून, माझ्याच सुंदर अक्षरात लिहिलं होतं. आणि वाचलं नव्हतं.

माझं बालपण मामाच्या शेतावर गेलेलं. तिथं कुणी नवा फाळ दुकानातून आणून सरळ जमिनीत घातलेला मी पाहिला नाही. आधी लोहाराकडे जायचा. लोहार तो भट्टीत तापवायचा, टोक काढायचा, पाणी द्यायचा. याला फाळ शेवटणं म्हणतात. न शेवटलेलं लोखंड काळ्या आईच्या पोटात घालू नये, असं मामा म्हणायचा.

ठाण्याच्या दारात कडुलिंबाखाली मालकाचा म्हातारा सालगडी बसला होता. त्या घरात चाळीस वर्षं राबलेला. गुरुवारपासून तो रोज मावशीसाठी भाकरी आणायचा आणि संध्याकाळपर्यंत तिथंच बसून राहायचा. मला वाटलं होतं नात्यातला असेल.

मी त्याच्यासमोर उकिडवा बसलो. "बाबा, फाळ कुठं शेवटायला टाकलाय?"

म्हाताऱ्यानं माझ्याकडे पाहिलं आणि त्याचं तोंड वाकडंतिकडं झालं. "न्हाई वो शेवटला. फुटला."

मग तो सांगत राहिला, मी ऐकत राहिलो. गावचा लोहार लग्नाला गेलेला, म्हणून बुधवारी संध्याकाळी म्हाताऱ्यानं फाळ यंत्रापासून सोडवून शेजारच्या गावी नेला. पहाटे परत आणून लावायचा, मालकाला कळायच्या आत. "मालकाचं नवं औजार. तसंच कसं घालावं रानात? बरकत जाती," तो म्हणाला. लोहारानं फाळ लालबुंद तापवला, पाण्यात बुडवला आणि त्याचे तीन तुकडे झाले. विलायतेत त्याला पाणी आधीच दिलेलं होतं, आमच्या भट्टीची त्याला गरज नव्हती. हे त्या दोघांना कोण सांगणार? एजंटाच्या पुस्तकात सगळ्या देशांचा बाजार होता. या गावात नवा फाळ आधी लोहाराकडे जातो, हे त्यात कुठंच नव्हतं.

"मग बोलला का नाहीत, बाबा? ती चार दिवस बसलीय इथं."

"रोज येत व्हतो सांगाया. रोज तुमची टोपी बघून जिभंला कुलूप लागायचं. चाळीस साल झाली साहेब त्या घरात. चोर म्हणून न्हाई निघायचं मला तिथून."

लोहाराकडून तुकडे आणले. मालकाला बोलावलं. मालक आधी भडकला, मग फाळाचे तुकडे एकमेकांना जोडून पाहू लागला. शेवटी म्हाताऱ्याला एवढंच म्हणाला, "मला इचारायचं तरी!" म्हातारा म्हणाला, "तुमी त्या एजंटाला इचारत व्हता, मालक. माझ्याकडं कवा बघितलं?" घेण्यात बदनियत नव्हती, फिर्याद मागे घेतली गेली. म्हातारा त्याच घरात राहिला.

मी मावशीकडे गेलो. कबुलीचा कागद हातात होता. अमीनसाहेबांनी त्यावर रद्दचा शेरा मारला होता आणि माझ्याकडे बघून एकच शब्द उच्चारला होता, "शाबास." तो कसा उच्चारला ते लिहिता येणार नाही.

"मावशी, जा घरी," मी म्हणालो. "पण एक सांगा. फाळ विहिरीत नव्हता. खोटं का बोललात?"

ती पदर झटकत उठली. "दोन दिस खरं सांगत व्हते साहेब. तवा तुमी ती दौत उघडली न्हाई. खोटं बोलले तशी लगीच उघडली."

ती पायऱ्या उतरली आणि थांबली. "येकटी न्हाई जायची. नेली तसं पोचवा. त्याच रस्त्यानं."

बाजाराच्या रस्त्यानं मी तिला पोचवलं. या वेळी सायकल हातात धरून, एक पाऊल मागे चालत. दुकानांतून लोक बाहेर आले. चहावाल्या मुखबिरापाशी ती थांबली आणि माझ्याकडे वळून म्हणाली, "सांगा." मी भर रस्त्यात मोठ्यानं सांगितलं, हिनं चोरी केलेली नाही, चूक माझी आहे. माझ्या नोकरीतला तो सर्वांत अवघड पंचनामा.

मालकाच्या बांधावर टोळी बसलेली होती, तापातून उठलेली सूनही त्यांच्यात होती. चार दिवस मालक बोलावत होता, पण कुणी कुदळ हातात घेतली नव्हती. हंगामातली पहिली कुदळ मुकादम मारते, हीही रीतच. मावशीनं आधी सुनेच्या कपाळाला हात लावून पाहिला, मग कुदळ उचलली. यंत्र बिनफाळाचं कडेला उभं होतं. पुढे एजंट म्हणाला तसं झालंच म्हणा, यंत्रं आली, आणखी येतील. मावशीलाही ते ठाऊक असावं. पण त्या वर्षी सरवा टोळीला मिळाला.

नंतर मी औशाला गेलो, लातूरला गेलो, फौजदार झालो. समोर कुणालाही आणलं तरी तोंडातून पहिला प्रश्न काढण्याआधी मी दौतीचं झाकण काढून ठेवायचो. पहिलं उत्तर, पटो न पटो, आधी लिहायचो. हाताखालचे जवान हसायचे. "साहेब, उघडी ठेवून शाई वाळून राहिली," म्हणायचे.

मी म्हणायचो, वाळू दे.